आमची वाटचाल : पंपाच्या मोटारीपासून बॅटरीच्या गाडीपर्यंत

भिवापूरच्या बाजूला आमचं रिवाइंडिंगचं, म्हणजे जळालेल्या मोटारीत नवी तार भरून द्यायचं, दुकान बाबांनी टाकलं. विहिरीवरच्या ३ आणि ५ एचपीच्या मोटारी यायच्या. गहू-हरभऱ्याच्या ओलितात व्होल्टेज पडलं की मोटार जळायची, आणि शेतकरी रात्रीच दारात उभा. मी बसायला लागलो तेव्हाही हेच काम होतं.

मग करांडल्याच्या जंगलाकडच्या एका रिसॉर्टवाल्यांनी जुनी गोल्फ कार्ट, म्हणजे बॅटरीवर चालणारी छोटी उघडी गाडी, ट्रॉलीत घालून आणली. ३६ व्होल्टची, ६ व्होल्टच्या सहा बॅटऱ्या सिरीजमध्ये, म्हणजे एकीमागे एक जोडलेल्या. "मोटार जळली भाऊ, भरून द्या." सीटखाली तेलानं माखलेलं इंग्रजी सर्व्हिस मॅन्युअल होतं.

आमची सवय अशी, की मोटार टेबलावर घ्यायची, सप्लाय द्यायचा अन् बेअरिंगचा आवाज ऐकायचा. मी सहाही बॅटऱ्यांच्या वायरी टेबलावरच्या मोटारीपर्यंत ओढल्या होत्या. पॉलिटेक्निकला शिकणारी पुतणी मॅन्युअल वाचत होती. "काका, थांबा! मोकळी असताना पूर्ण व्होल्टेज द्यायचं नाही म्हणते हे."

ती सिरीज मोटार होती. तिच्या फील्डमधून, म्हणजे चुंबक तयार करणाऱ्या स्थिर गुंडाळीतून, आर्मेचरचा म्हणजे आतल्या फिरत्या भागाचाच करंट जातो. लोड नसला की करंट घटतो, फील्ड कमजोर पडतं आणि वेग वाढतच जातो. आर्मेचरवरचा तांब्याच्या पट्ट्यांचा कम्युटेटर फुटून तुकडे उडू शकतात. पंपाची इंडक्शन मोटार असं कधी करत नाही, म्हणून माझ्या हाताला ती भीतीच नव्हती. त्या दिवशी पुतणी शेजारी नसती तर काय झालं असतं, हे आजही मनात येतं.

१२ व्होल्टवर फिरवली. मोटार ठणठणीत! परत बसवली आणि मॅन्युअलच्या क्रमानं मीटर लावत गेलो. उभ्या गाडीत सगळ्या बॅटऱ्या ६ च्या वर दाखवत होत्या. लोड दिल्यावर चौथी ४ च्या खाली आली. सिरीजमध्ये एक बसली की सगळी गाडी बसते. जुन्यांत एकच नवी घातली तर तीही लवकर जाते, म्हणून सहाही बदलायला लावल्या. भरणावळ घेतली नाही. मोटार भरलीच नव्हती.

त्याच रिसॉर्टवाल्यांनी पुढं आणखी दोन गाड्या पाठवल्या, आता ई-रिक्षाही येतात. पुतणीनं तपासणीचा क्रम मराठीत वहीत उतरवलाय, पोरं तीच वही उघडून कामाला लागतात. गिऱ्हाइकाला मात्र मी स्वतः सांगतो : डिस्टिल्ड पाणी चार्जिंग झाल्यावर भरा. आधी काठोकाठ भरलं तर चार्जिंगमध्ये ॲसिड फुगून बाहेर येतं. प्लेटा उघड्या पडल्या असतील तरच आधी, तेही त्या बुडण्यापुरतं.