लिलावातला गाळा आणि आधीच्या मालकाचं वीजबिल

बँकेच्या लिलावातून औद्योगिक वसाहतीत एक छोटा गाळा घेतला, तेव्हा तिथली वीज तोडून बराच काळ लोटला होता. लिलावाच्या नोटिशीत 'जसे आहे, जेथे आहे' (म्हणजे आहे त्या स्थितीत घ्या) हे कलम होतंच. वीजबिलाचं विचारलं तर बँकेने आमच्याकडे माहिती नाही म्हणून हात वर केले. नव्या जोडणीचा अर्ज दिला आणि वीज कंपनीच्या सब-डिव्हिजन कार्यालयातून उत्तर आलं : या जागेवर पीडी (कायमची वीज तोडलेल्या जोडणीची) थकबाकी आहे, व्याजासह सात लाखांच्या वर; ती भरा, मग जोडणीच्या खर्चाचं कोटेशन.

"साहेब, ही वीज मी वापरलीच नाही," मी म्हटलं.

"सुप्रीम कोर्टाचा निकाल आहे. नवीन मालकानेच भरायचं."

निकाल खरा होता. १९ मे २०२३ चा, के. सी. निनान विरुद्ध केरळ राज्य वीज मंडळ. घरी येऊन तो वाचला. लांबलचक आहे, पण माझ्या कामाचं त्यात स्पष्ट लिहिलेलं आहे. जुन्या मालकाची थकबाकी जागेवर आपोआप बोजा म्हणून चढत नाही. पण राज्याच्या नियमांत तशी तरतूद असेल, तर नव्या मालकाकडून ती मागता येते. म्हणजे 'मी वापरली नाही' हा मुद्दा संपला. (ओळखीच्या वकिलांनी मात्र मला तोच मुद्दा रंगवून मांडायला सांगितला होता.) प्रश्न उरला तो आपल्या राज्याचा नियम काय म्हणतो याचा.

महाराष्ट्र विद्युत नियामक आयोगाच्या २०२१ च्या पुरवठा संहितेत (वीजपुरवठ्याच्या नियमांत) विनियम १२.५ आहे. त्याआधी २००५ च्या संहितेत हीच गोष्ट १०.५ मध्ये होती. थकबाकी नव्या मालकाकडे येते, असंच तो सांगतो. मात्र त्याला परंतुक, म्हणजे मर्यादा घालणारी जोड, आहे : कायदेशीर वारस सोडून इतरांवर येणारी जबाबदारी त्या जागेला पुरवलेल्या विजेच्या जास्तीत जास्त सहा महिन्यांच्या न भरलेल्या आकारांपुरतीच. वडिलांची जागा मुलाकडे आली तर सगळं त्याच्या डोक्यावर, मी लिलावात घेतली तर सहा महिने. माझ्यापुढे फडकवलेला निकाल मला याच परंतुकापर्यंत घेऊन आला, याची मजा वाटली.

आता सहा महिने कोणते? इथे खरं काम होतं. मी त्या जुन्या ग्राहक क्रमांकाचा सीपीएल मागितला. हा ग्राहकाचा महिन्यामहिन्याचा खातेउतारा. रीडिंग, आकार, व्याज, भरणा, सगळं त्यात दिसतं. तोंडी मागितला तर 'सिस्टीम बंद आहे'. लेखी अर्ज देऊन आवक क्रमांक घेतला, तेव्हा मिळाला. त्यातून दोन गोष्टी बाहेर आल्या. वीज तात्पुरती तोडल्यानंतरही पीडी होईपर्यंत स्थिर आकार (वापर नसला तरी लागणारा) लावत नेला होता, आणि कंपनी सहा महिने धरायला तयार झाली असती तरी ते हेच वीज नसलेले महिने निघाले असते. दुसरं म्हणजे जुन्या ग्राहकाची सुरक्षा ठेव थकबाकीत वळती केलेलीच नव्हती.

कंपनीच्या तक्रार कक्षाने अर्ज फेटाळला, तेही एका ओळीत. मग वीजग्राहकांच्या तक्रारी ऐकणारा ग्राहक तक्रार निवारण मंच. वीजचोरीची किंवा वीज कायद्याच्या कलम १२६ खालच्या अनधिकृत वापराची प्रकरणं मंच घेत नाही. माझं तसलं काही नव्हतं. मी अजून ग्राहकच नाही, त्यामुळे मंचाला अधिकार नाही, असं कंपनीचं पहिलं म्हणणं. पण नियमांत 'भावी ग्राहक'सुद्धा तक्रारदार धरलेला आहे, त्यामुळे ते टिकलं नाही. मी अंतरिम आदेशही मागितला : तोडण्याआधीच्या सहा महिन्यांचे आकार निषेध नोंदवून भरतो, तेवढ्यावर वीज द्या. कारखाना बंद ठेवून भाडं आणि हप्ते भरत बसण्यापेक्षा ते परवडणारं होतं.

सुनावणीत कंपनीने पुन्हा तोच निकाल दाखवला. मी तो संपूर्ण छापून नेला होता. राज्याच्या नियमांवर सगळं अवलंबून असल्याचा भाग आणि त्याखाली १२.५ चं परंतुक, एवढंच वाचून दाखवलं. सदस्यांनी कंपनीच्या अधिकाऱ्यांना विचारलं, वीज तोडल्यानंतरच्या महिन्यांत 'पुरवलेली वीज' कोणती? त्याला उत्तर नव्हतं.

अंतिम आदेशात रक्कम तोडणीआधीच्या सहा महिन्यांच्या आकारांवर आली, ठेव वजा करून. दीड लाखाच्या आसपास. व्याज गेलं. मी आधीच भरलेली रक्कम त्यात धरली गेली. आदेश विरोधात गेला असता तर ६० दिवसांत विद्युत लोकपालाकडे जाता आलं असतं. महाराष्ट्रात त्यांची कार्यालयं मुंबई आणि नागपूरला आहेत. कंपनी पुढे कोर्टात जाईल अशी धाकधूक होती, पण गेली नाही. बाकी रक्कम जुन्या मालकाकडून दिवाणी दाव्याने वसूल करायचा मार्ग तिला खुला आहेच.

मीटर बसला. नंतरच्या एका बिलात मात्र 'मागील थकबाकी' म्हणून उरलेले साडेपाच लाख माझ्या नावावर उगवले. आदेशाची प्रत जोडून बिल दुरुस्तीचा अर्ज दिला, पोच घेतली, आणि पुढच्या बिलातून तो आकडा गेला.