खुंटी

मी भूजलाची माणूस. जमिनीखाली पाणी कुठे आहे ते शोधायचं, खुंटी मारायची, बोअरवाल्यांना जागा दाखवायची आणि पुढच्या गावाला निघायचं. धुळे-नंदुरबारकडे बरीच वर्षं हेच केलं, दक्षिण आफ्रिकेत ईस्टर्न केपला आल्यावरही हेच. मथाथाच्या आसपासचा हा डोंगराळ मुलूख थेंबू लोकांचा. ते खोसा बोलतात. पाणी शोधणाऱ्या मराठी बाईच्या वाट्याला थेंबूंचा मुलूख यावा, याचं पहिल्या दिवशी फार हसू आलं होतं. पण हा विनोद तिथे सांगणार कुणाला?

त्या गावात खुंटी आधीच मारून झाली होती. इथल्या मऊ खडकांना चिरत डोलेराइट या कठीण, काळपट खडकाच्या उभ्या भिंती गेल्या आहेत. भिंतीच्या कडेचा खडक भेगाळलेला असतो आणि पाणी सापडलं तर तिथेच. मॅग्नेटोमीटरवर, म्हणजे जमिनीचं चुंबकत्व मोजणाऱ्या यंत्रावर, भिंतीची रेघ स्वच्छ उमटली होती. उरली होती गावाची संमती, आणि ती मिळते इन्कुंडलात, म्हणजे इन्कोसींच्या वाड्यापुढच्या सभेत. इन्कोसी म्हणजे तिथले वंशपरंपरेचे प्रमुख. मी मनात आपली ग्रामसभा धरून निघाले होते: कोरम, रजिस्टर, सह्या, 'ठराव मंजूर', चहा. तासाभरात मोकळी.

गाडीतून उतरण्याआधीच आमच्या दुभाष्याने माझ्या पँटकडे बघून मान हलवली. मागच्या सीटवर त्याच्या आईचा घेरदार स्कर्ट होता, तो पँटवरूनच चढवला. डोकं आणि खांदे झाकायला माझी ओढणी पुरली. बाया एका अंगाला चटयांवर, पुरुष समोर बाकांवर. गुरांच्या गोठणाकडे पाय वळवायचा नाही, हेही त्याने बजावलं. ती पुरुषांची आणि पूर्वजांची जागा.

शेजारच्या बाईंनी पहिला प्रश्न विचारला तो नावाचा नव्हे, कुळाचा. 'इसिदुको' काय तुझं? मी आडनाव सांगितलं. ते नवऱ्याचं, असं कळल्यावर त्यांना माझी दया आली. तिथे लग्न झालं तरी बाईचं कूळ बापाचंच राहतं आणि मान देऊन हाक मारायची ती त्याच कुळाच्या नावाने. एका कुळात लग्न नाही. हे मात्र मला समजावून सांगावं लागलं नाही. मंडेलांना सगळं जग 'मादिबा' म्हणायचं, तेही त्यांच्या कुळाचंच नाव.

इन्कोसी आले तेव्हा सगळे उभे राहिले, हात वर गेले आणि 'आऽ!' म्हणून त्यांच्या सन्माननामाचा गजर झाला. मंडेलांचंही असं नाव होतं, दालिभुंगा. सभा उभी करणारा, अशा अर्थाचं. लहानपणी ते इथून जवळच म्खेकेझ्वेनीला थेंबूंच्या कारभारी राजांच्या घरी वाढले आणि अशाच सभा कडेला उभं राहून ऐकत.

प्रार्थना झाली, मग मी बोलले. नकाशा दाखवला, रेघ दाखवली. वीस मिनिटं. पुढचे चार तास गाव बोललं.

खरं सांगते, पहिले दोन तास मी वैतागले होते. उठणारा प्रत्येक जण आधी इन्कोसींना, मग टाटांना, मग मामांना वंदन करणार (इथे टाटा म्हणजे बाप आणि मामा म्हणजे आई, जीभ वळायला मला महिना लागला), आणि मग आधीच्या चौघांनी सांगितलेलंच पुन्हा सांगणार. मध्ये तोडणारं कुणी नाही. एक तरुण तावातावाने उठला: पाणी देणं नगरपालिकेचं काम, मग इथे कशाला विचारता? वर्णद्वेषी सरकारच्या काळात प्रमुख त्यांचेच पगारी झाले होते, हेही त्याने इन्कोसींच्या तोंडावर सुनावलं. माझ्या पोटात गोळा आला. इन्कोसी हनुवटी काठीवर टेकवून नुसते ऐकत होते. एक शब्द नाही.

मग चटईवरून एक म्हाताऱ्या मामा उठल्या. त्यांनी माझ्याकडे बघितलंच नाही, इन्कोसींकडे बघून बोलल्या. दुभाष्याचा आवाज बारीक झाला.

सरकारने माणसांना डोंगरांवरून उठवून रांगेतल्या वस्त्यांत बसवलं, त्याआधी त्यांच्या सासरचं घर त्या उतारावर होतं. झोपड्या गेल्या. गोठणाचं दगडी कडं आणि कोरफडीची रांग राहिली. कड्याला लागून सासू-सासरे पुरलेले. खुंटी तिथे आहे.

मला ते कडं लख्ख आठवलं. त्या दगडांवर बसून आम्ही डबे खाल्ले होते. मी एका दगडावर बूट आपटून चिखल झाडला होता. मामांनी ते समोरच्या टेकडीवरून पाहिलं होतं, तीन आठवड्यांपूर्वी. ओरडत खाली आल्या नाहीत. इन्कुंडला बसण्याची वाट बघितली.

मी उभी राहून माफी मागितली. नीट जमलं नाही.

सगळ्यांचं संपल्यावर इन्कोसी पहिल्यांदा बोलले. कुणाचंही नाव न घेता त्यांनी एकेकाचं म्हणणं जसंच्या तसं मांडलं, त्या तरुणाचं तर त्याच्याहून नेटकं. मग मला एवढंच विचारलं: ती भिंत तेवढीच आहे, की पुढे जाते? जाते, मी म्हटलं, बरीच लांब. मग आज मामांबरोबर चालत जा, ते म्हणाले. पुढच्या गुरुवारी पुन्हा बसू.

साडेतीन वाजले होते. ऑफिसातून फोनवर फोन येत होते. उतारावर मामा पुढे, मी यंत्र घेऊन मागे. कड्यापाशी पोचल्यावर त्या आधी थोडा वेळ दगडांशी बोलल्या. मग वाकून दोन्ही हातांनी खुंटी उपटली, तिची माती पदराने पुसली आणि ती माझ्या हातात दिली.

"चल, म्न्त्वानाम," म्हणाल्या. माझ्या लेकरा. आणि रेघेच्या दिशेने चालू लागल्या.