नाइल्सच्या टेकड्या आणि एका रिळाचे काउबॉय

फ्रीमाँटला धाकट्या बहिणीकडे मुक्काम होता. सिलिकॉन व्हॅली 'बघून' झाली, म्हणजे काचेच्या इमारती बाहेरून. शनिवारी मेहुणे म्हणाले, "दादा, नाइल्सला जाऊन येऊ. पण तिथं बघायला काही नाही हं."

खरंच फारसं नाही. १९५६मध्ये फ्रीमाँटात विरून गेलेलं हे गाव म्हणजे एक मुख्य रस्ता, रेल्वेचे रूळ, जुन्यापान्या वस्तूंची दुकानं आणि मागे बोडक्या टेकड्या. पण १९१२ ते १९१६ इथे 'एसने' नावाच्या सिनेमा कंपनीचा स्टुडिओ होता. स्पूर आणि अँडरसन या मालकांच्या आद्याक्षरांवरून, 'एस अँड ए'वरून, ते नाव पडलं. त्यातला अँडरसन म्हणजेच पडद्यावरचा 'ब्राँको बिली', सिनेमातला पहिला काउबॉय हिरो. मूळ नाव मॅक्स अॅरन्सन. १९०३च्या 'द ग्रेट ट्रेन रॉबरी'त काम मिळवताना यानं घोड्यावर बसता येतं अशी थाप मारली होती म्हणे. तोच गडी पुढे इथे जवळजवळ आठवड्याला एक वेस्टर्न, म्हणजे काउबॉयचा सिनेमा, काढायचा!

संध्याकाळी तिथल्या मूकपट संग्रहालयात खेळ होता. थिएटर १९१३चं. त्याच वर्षी आपल्या दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' मुंबईत लागला, हे आठवून उगाच छाती फुगली. लाकडी खुर्च्या, कोपऱ्यात पियानो. एक रीळ म्हणजे हजार फूट फिल्म, पंधरा मिनिटांत गोष्ट खलास. दरोडेखोर, आजारी पोर, आणि औषध आणायला गावात गेलं की शेरिफ पकडणार. शेवट पहिल्या मिनिटालाच कळला होता, तरी पियानोवाल्यानं लय वाढवली तशी माझी मूठ वळली. अभिनय मात्र भडक. डोळे एवढे मोठे की शेवटच्या रांगेतल्यालाही कळावं.

घोडा टेकडी उतरत होता, तेव्हा भाची कानात कुजबुजली, "मामा, ही आपण मघाशी पाहिलेलीच टेकडी ना?"

स्टुडिओ १९३३ साली पाडला. नटांसाठी बांधलेली काही छोटी घरं अजून उभी आहेत. एकाच्या ओसरीत कुणीतरी कपडे वाळत घातले होते. चॅप्लिनही १९१५मध्ये इथे येऊन पाच चित्रपट करून गेला. गावातलं बहुतेक प्रत्येक दुकान त्याचंच चित्र लावतं. बिलीचं मला एकाच खिडकीत दिसलं, तेही उन्हानं विटलेलं.