सोप्यावरचा हात

माझे वडील गेले तेव्हा आषाढ चालू होता. गोव्याच्या फोंडा तालुक्यातल्या आमच्या गावात कुळागराकडची, म्हणजे पोफळीच्या बागेकडची, वाट पाण्याखाली गेली होती, तरी शेजारच्या काकी रोज तिन्हीसांजेला येत आणि सोप्यावर आईचा हात हातात घेऊन बसत. ‘हांव आसां’ (मी आहे), एवढेच म्हणत, आणि कधी तेही म्हणत नसत. कित्येक रात्रींनंतर आईचा डोळा लागला तो त्यांच्या शेजारीच, भिंतीला टेकून.

त्या हाताने नेमके काय केले असेल, हा प्रश्न माझ्या मनातून जाईना. पुढे अमेरिकी मानसशास्त्रज्ञ जेम्स कोन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००६ मध्ये प्रसिद्ध केलेला एक प्रयोग माझ्या वाचनात आला. त्यात सोळा विवाहित स्त्रियांच्या मेंदूचे स्कॅन घेताना, घोट्याला विजेचा सौम्य झटका बसण्याची शक्यता आहे असा इशारा त्यांना पडद्यावर दिला जाई. त्या वेळी कधी त्यांच्या हातात पतीचा हात असे, कधी अनोळखी पुरुषाचा, तर कधी कोणाचाच नसे. पतीचा हात धरलेला असताना धोक्याला प्रतिसाद देणाऱ्या मेंदूच्या भागांतील हालचाल सर्वांत अधिक मंदावली, आणि ज्यांचे सहजीवन अधिक समाधानाचे होते त्यांच्यात हा परिणाम अधिक ठळक होता. मला मात्र त्यातला अनोळखी हात मोलाचा वाटतो, कारण त्यानेही थोडा उतार पडला होता. सोळा जणींवरून साऱ्या मानवजातीबद्दल बोलू नये, हे खरेच. पण कोन यांनी पुढे मांडलेला विचार मला मनापासून पटतो. माणसाचा मेंदू सोबत गृहीत धरूनच चालतो, असे ते म्हणतात. म्हणजे सोबत ही वरून मिळालेली मदत नसून मूळ स्थितीच आहे, आणि एकटेपणी जो भार एरवी विभागला गेला असता तो एकट्या मेंदूला वाहावा लागतो.

अमेरिकी मानसशास्त्रज्ञ ज्युलिअ‍ॅन होल्ट-लुन्स्टॅड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१० मध्ये १४८ अभ्यासांतील तीन लाखांहून अधिक माणसांची माहिती एकत्र तपासली, तेव्हा ज्यांचे सामाजिक संबंध भक्कम होते त्यांची जगण्याची शक्यता सुमारे ५० टक्क्यांनी अधिक आढळली. आजारी माणसाचा संपर्क आपोआप तुटतो, त्यामुळे कारण आणि परिणाम वेगळे करणे अशा अभ्यासांत अवघड असते. तरीही हा आकडा वाचताना मला आमचा सोपाच दिसला.

दुखवट्याच्या घरी जाताना पूर्वी मी काय बोलावे याची मनात जुळवाजुळव करीत असे, आणि शब्द सुचले नाहीत तर जाणेच टाळीत असे. गेल्या महिन्यात आमच्या इमारतीतल्या एका आजींचे यजमान वारले. त्यांच्याशी माझी ओळख लिफ्टमधल्या हसण्यापुरतीच होती. मी गेले, शेजारी बसले आणि हात पुढे केला. त्यांनी तो बराच वेळ सोडला नाही.