मावशीने ऐकलेला ‘स्पर्श’

इंदूरच्या रामबागेत राहणाऱ्या माझ्या मावशीची दृष्टी काचबिंदूने गेली त्याला आता बरीच वर्षे झाली. गेल्या दिवाळीत तिने ‘स्पर्श’ हा हिंदी चित्रपट ऐकायचा हट्ट धरला, आणि तिच्याशेजारी बसून पडद्यावर काय चालले आहे ते अधूनमधून सांगताना लेखिका-दिग्दर्शिका सई परांजपे यांची पटकथा मीही प्रथमच कान देऊन ऐकली. सांगण्यासारखे फारसे उरतच नव्हते, इतके त्या पटकथेत आवाजांतून उलगडत जाते. अंध नायक अनिरुद्ध नायिका कविताच्या दारी पोहोचतो तोही तिच्या गाण्याच्या सुरांमागून.

अंध विद्यालयाचा प्राचार्य असलेला अनिरुद्ध आपल्या कार्यालयात कविताला कॉफी देऊ करतो, ती सहज मदतीला पुढे होते आणि तो संतापतो, त्या प्रसंगाशी मावशीने मला थांबवले. “हे परत लाव,” ती म्हणाली, आणि पुन्हा ऐकून झाल्यावर विचारले, “हे हिला कुणी सांगितलं गं?” या चित्रपटाचे बरेचसे चित्रीकरण दिल्लीच्या ब्लाइंड रिलीफ असोसिएशनच्या शाळेत झाले आणि अनिरुद्धची व्यक्तिरेखा तिथल्या मुख्याध्यापकांवरून सुचली, असे मी सांगितले. “तरीच,” एवढेच ती बोलली.

सईताईंचा जन्म 1938 साली लखनौचा. आजोबा रँग्लर र. पु. परांजपे, आई शकुंतला परांजपे आणि वडील रशियन चित्रकार. वयाच्या आठव्या वर्षी ‘मुलांचा मेवा’ हे त्यांचे पहिले पुस्तक निघाले. पुढे पुणे आकाशवाणीवर निवेदिका म्हणून काम, 1963 मध्ये राष्ट्रीय नाट्य विद्यालयाची पदवी, त्यानंतर दिल्ली दूरदर्शन, बालचित्रपट आणि मराठी रंगभूमी असा हा प्रवास आहे. यांतली आकाशवाणी मला सर्वांत महत्त्वाची वाटते, कारण जिथे चेहरा दिसत नाही तिथे माणूस केवळ बोलण्यातून उभा करावा लागतो, आणि ती शिस्त त्यांच्या संवादांत शेवटपर्यंत टिकलेली आहे. ‘स्पर्श’ला सर्वोत्कृष्ट हिंदी चित्रपट, अभिनेता आणि पटकथा असे तीन राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. त्यांपैकी पटकथेचा पुरस्कार त्यांचा स्वतःचा, आणि मला त्याचेच मोल अधिक वाटते.

त्यांची माणसे हाताने काहीतरी करत असतात. 1981 च्या ‘चश्मे बद्दूर’मधली नेहा दारोदार कपडे धुण्याची पावडर विकते, आणि प्रेमाची सुरुवात होते ती बादलीत मळका टॉवेल धुऊन दाखवण्यापासून. ‘दिशा’मध्ये गिरणी कामगारांच्या मुंबईइतकीच गावाकडे वर्षानुवर्षे विहीर खणत राहणाऱ्या माणसाची जिद्द लक्षात राहते. शं. गो. साठे यांच्या ‘ससा आणि कासव’ या नाटकावरून त्यांनी ‘कथा’ केला, त्यात मुंबईची चाळ इतकी भरलेली आहे की प्रत्येक बिऱ्हाडाची वेगळी गोष्ट असावी असे वाटते. आपल्या मराठी वस्तीत वाढलेल्या कुणालाही ती माणसे ओळखीची वाटतील. ‘साज’ मात्र मला तितका जवळचा वाटला नाही, तिथे कथेचा पसारा पात्रांवर मात करतो.

मी गेली काही वर्षे गणेशोत्सवासाठी एकांकिका लिहिते, आणि त्यांतल्या एकीत मी एक अंध आजी घातली होती, जी रंगमंचावर सारखी हात पुढे करून चाचपडत होती. त्या वेळी टाळ्या मिळाल्या; मावशी प्रेक्षकांत होती आणि घरी परतताना काही बोलली नाही. ‘स्पर्श’ संपल्यावर मी तिला त्याविषयी विचारले, तेव्हा ती म्हणाली, “अगं, स्वतःच्या घरात कोण असं चालतं?” मग ती उठून स्वयंपाकघरात गेली आणि कपाच्या काठाच्या आत बोटाचे टोक ठेवून, गरम चहा बोटाला लागताच हात थांबवत, तिने दोन कप भरून आणले.

या वर्षी त्या आजीचा प्रवेश मी पुन्हा लिहिते आहे. तिच्या हातात आता चहाचे भांडे आहे, आणि घरातल्या कुणी पुढे होऊन ते तिच्या हातून घ्यायचे नाही, अशी सूचना मी संहितेत लिहून ठेवली आहे.