तुम्ही विचारलंत म्हणून: खरा दुष्काळ सोडून खोटा का?

गावाकडं गेलो की पारावर, महोत्सवात गेलो की चहाच्या टेबलाशी, प्रश्न तोच. ‘माहितीपट बरे करायचास की! मग हे खोट्या दुष्काळाचे सिनेमे कशाला शूट करतोस?’ आजवर ‘पोट आहे’ म्हणून सुटलो. ते खरंच आहे. माहितीपटात कधी कधी लेन्सचं भाडं माझ्या मजुरीपेक्षा जास्त असतं. पण तेवढंच कारण नाही.

२०१६चा एप्रिल. मिरजेहून रेल्वेनं लातूरला पाणी यायला लागलं आणि सगळे कॅमेरे स्टेशनवर गेले. आम्ही एका वाडीत होतो. टँकर आडात रिकामा व्हायचा आणि बायका तेच पाणी पोहऱ्यानं शेंदून काढायच्या. टँकर आला तो भर दुपारी. कॅमेरामनला नको असलेली वेळ. ऊन डोक्यावर, डोळ्यांच्या खोबणीत नुसता काळोख. तरी एका आजीवर लाँग लेन्स लावून बसलो. पोहरा वर आला, घागर भरली, तिनं ती उचलली, आणि नेमका टँकरचा क्लीनर मध्ये आला. फ्रेमभर त्याचा खांदा.

दिग्दर्शक म्हणाला, ‘मावशी, एकदा परत कराल?’

ती चिडली नाही. माझ्याकडं बघून म्हणाली, ‘लेकरा, मग हे परत आडात वतू का?’ टोमणा नव्हता. खरंच विचारत होती. हो म्हटलं असतं तर ओतलंही असतं. दिग्दर्शक माझ्याकडं बघायला लागला. मी म्हणालो, ‘शॉट ओके आहे.’

तो शॉट माहितीपटात आहे. बघणारे विचारतात, ‘तो आडवा आलेला खांदा म्हणजे व्यवस्था ना?’ दिग्दर्शक हो म्हणतो.

पुढं एका सिनेमात तसाच आड, तशीच घागर. ‘परत’ म्हणताना जीभ अडली नाही. नटीला मानधन होतं, मॉबमधल्या गावच्या बायकांना संध्याकाळी रोज मिळाला. त्या आजीला आम्ही बिस्किटाचा पुडाही दिला नव्हता. पैसे दिले की माणूस अभिनय करतो, हे आमचं तत्त्व! मी ते मिरवायचो.

मिरवणारा तो पोरगा अजून भांडतो माझ्याशी. म्हणतो, रिटेकसाठी टँकर मागवलास, ते सांडलेलं पाणी कुणाचं? पॅकअपनंतर उरलेलं पाणी बायकांनी भरून नेलं, असं मी सांगतो. तो म्हणतो, टेक चालू असतानाही त्या घागरी घेऊन कडेला उभ्याच होत्या. होत्या.

आणि माहितीपट मी सोडलेला नाही. दिवाळीनंतर ऊसतोडीच्या टोळीबरोबर जायचं ठरतंय. शूटिंगपायी जेवढी तोड बुडेल तेवढे पैसे टोळीला द्यायचे, ही माझी अट. दिग्दर्शक कधी म्हणतो तत्त्वात बसत नाही, कधी म्हणतो बजेटात बसत नाही. अजून फोनाफोनी चालू आहे.