दुर्लक्षाला लागणारा वेळ

जपानी दिग्दर्शक हिरोकाझू कोरे-एदा यांचा २००४ सालचा ‘नोबडी नोज’ हा चित्रपट आज पुन्हा पाहिला. मारहाण पडद्यावर दाखवायला एक प्रसंग पुरतो. दुर्लक्ष मात्र दिवसेंदिवस साचत जाते आणि ते दाखवायचे तर दिग्दर्शकाजवळ वेळ हवा, हे या खेपेला प्रकर्षाने जाणवले. कोरे-एदांनी हा चित्रपट कथेच्याच क्रमाने, जवळपास वर्षभर चित्रित केला आणि मुलांच्या हाती पटकथा न देता त्यांचे संवाद त्यांना ऐन वेळी तोंडी सांगितले. त्यामुळे आई सोडून गेल्यावर तीन भावंडांना सांभाळणारा १२ वर्षांचा अकिरा आपल्या डोळ्यांदेखत उंच होतो, त्याचा आवाज फुटतो, कपडे विटत जातात. ही भूमिका करणाऱ्या युया यागिराला कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला, तेव्हा तो १४ वर्षांचा होता.

यातली आई हसरी आहे, लाघवी आहे, मुलांशी खेळते. ती दुष्ट असती तर तिला दोष देऊन आपण मोकळे झालो असतो. अँड्रिया अर्नोल्ड यांच्या ‘फिश टँक’ या ब्रिटिश चित्रपटात (२००९) आई तोंडाने फटकळ आणि मुलींना कंटाळलेली आहे, तरी १५ वर्षांची मिया घर सोडून निघते तेव्हा निरोपाचे चार शब्द बोलण्याऐवजी मायलेकी एकमेकींसमोर उभ्या राहून नाचतात, आणि धाकटी बहीणही त्यांच्यात सामील होते. (मियाची भूमिका करणारी केटी जार्विस रेल्वे स्थानकावर मित्राशी भांडताना निवड करणाऱ्यांच्या नजरेस पडली, ही हकिगत इतक्यांदा सांगितली जाते की तिच्या अभिनयाचे श्रेय उगाचच योगायोगाला जाते.)

‘नोबडी नोज’ला आधार आहे तो १९८८ मध्ये तोक्योत उघडकीस आलेल्या, आईने सोडून दिलेल्या भावंडांच्या प्रकरणाचा. प्रत्यक्षात धाकट्या मुलीचा जीव थोरल्याच्या मित्रांनी केलेल्या मारहाणीत गेला. चित्रपटात ती खुर्चीवरून पडते. हे वास्तव सौम्य करणे झाले, असा आक्षेप घेता येईल, पण मला तो बदल पटतो, कारण मारहाण आली असती तर सगळा रोख मारणाऱ्यांकडे वळला असता आणि कित्येक महिने त्या घराकडे कोणीच का फिरकले नाही, हा प्रश्न बाजूला पडला असता.